बळदातली ती: लहानपणी एकटे असताना तुम्ही कुणाशी बोलायचात?

माजघर
नमस्कार. हा धागा काढू की नको, असं बरेच महिने चाललं होतं. मागच्या महिन्यात आमचा जुना वाडा पाडायला घेतला. आता लिहिलं नाही तर कधीच लिहिणार नाही.

वाडा जुन्या नाशकात, तिवंधा चौकातून आत. मी सांगतेय ते १९८८ सालचं, मी आठ वर्षांची होते. त्याआधी वाड्यात पाच बिऱ्हाडं होती आणि संध्याकाळी चौकात पाय ठेवायला जागा नसायची. मग सिडकोत घरं मिळायला लागली आणि एकेक बिऱ्हाड हललं. दारात टेम्पो लागायचा, गाद्यांच्या वळकट्या चढायच्या, "येत जा गं आमच्याकडे" व्हायचं. दोन वर्षांत वाड्यात मूल म्हणून मी एकटी उरले. फरशीवर लंगडीसाठी विटकरीने आखलेल्या रेघा होत्या. त्या पुसल्या जाऊ नयेत म्हणून मी पाणी टाकताना बाजूने टाकायचे.

शाळा सकाळची, साडेबाराला घरी. आई बँकेत, बाबा नाशिकरोडला प्रेसमध्ये. घरात आजी असायची, पण जेवण झालं की ती आडवी व्हायची, आणि तिला ऐकूही कमी यायचं. भांडी बाजाराच्या बाजूने तांबटांची ठोकठोक सकाळपासून चालू असायची. दुपारी ते जेवायला उठले की ती थांबायची. त्या वेळी वाड्यात जी शांतता पडायची ती मला आजही कानात जाणवते, दडे बसल्यासारखी.

माजघराच्या भिंतीत बळद होतं. ज्यांनी वाडा पाहिला नाही त्यांना सांगते: जाड भिंतीतच बांधून काढलेली धान्याची कोठी. वरच्या माळ्यावरून धान्य ओतायचं आणि लागेल तसं खालच्या हातभर तोंडातून काढायचं. माझ्या वेळेला आमचं बळद रिकामं होतं, तोंडाला एक फळी आणि चिंधीचा बोळा. एका दुपारी मी फळी काढून आत "अगं" म्हणाले. आवाज जरा उशिराने, जरा जाड होऊन परत आला. मी पुन्हा म्हणाले. तिथून ती सुरू झाली.

तिला नाव नव्हतं. मी तिला "अगं" एवढीच हाक मारायचे. शाळेत काय झालं ते सांगायचे, भाजलेल्या शेंगांतल्या अर्ध्या तिच्या म्हणून आत टाकायचे. ती खोटी आहे हे मला पक्कं माहीत होतं, हे मुद्दाम लिहितेय. मीच तिला केलं होतं. तरी एक दिवस मी विचारलं, "मागच्या खोलीतले परत येतील का गं?" आणि ती "नाही" म्हणाली. प्रतिध्वनी तर माझ्याच शब्दांचा यायला हवा ना? तो "नाही" मी उच्चारला नव्हता, माझ्या मनातही आला नव्हता. मी फळी लावून टाकली आणि दोन दिवस तिकडे फिरकले नाही. तिसऱ्या दिवशी ठोकठोक थांबली आणि मी परत गेले.

मग आजीने मला शेंगा टाकताना पाहिलं. "कुणाला देतेस?" मी सांगितलं, आत एक मुलगी असते. मला वाटलं रागावेल. आजी खाली बसली. बराच वेळ बळदाकडे बघत राहिली आणि तिने विचारलं, "केस कसे आहेत गं तिचे?"

बाबांच्या आधी आजीला एक मुलगी होती, ती पाच वर्षांची असताना घटसर्पाने गेली, हे मला तेव्हा कुणीच सांगितलेलं नव्हतं. घरात तिचा विषयच निघत नसे. मला एवढंच दिसलं की आजी पहिल्यांदा माझ्यासाठी दुपारची जागी आहे आणि माझा शब्द न् शब्द ऐकतेय. मी म्हणाले, "दोन वेण्या. लाल रिबनी." आजीने पदर तोंडाला लावला.

त्यानंतर आजी दुपारची झोपेनाशी झाली. आम्ही दोघी बळदापाशी बसायचो. ती विचारायची आणि मी सांगायचे. फ्रॉक कसला, पायात काय आहे, खोकते का अजून. आजीच्या चेहऱ्यावरून मला कळायचं कुठलं उत्तर बरोबर आहे, आणि मी तेच द्यायचे. मधेच आजी स्वतःच्या लहानपणीच्या गोष्टी सांगायची, तांदूळ निवडता निवडता हसायची. आयुष्यातल्या सगळ्यात चांगल्या दुपारी कुठल्या असं विचारलंत तर मी त्याच सांगेन.

पण अवसेच्या रात्री आजीने बळदाच्या तोंडाशी पानावर दहीभात ठेवला. सकाळी पान चाटूनपुसून स्वच्छ होतं. वाड्यात मांजरं होती, उंदीर होते, हे आज कळतं. तेव्हा मी त्या रिकाम्या पानाकडे बघितलं आणि माझ्या पोटात गोळा आला. मी केलेली मुलगी जेवत नव्हती. मग ही कोण होती?

त्या दिवसापासून मी वर्षभर दिवा लावून झोपले. कारण कुणालाच सांगता येत नव्हतं. खोटं होतं म्हणावं तर आजीचं सगळं काढून घेतल्यासारखं, खरं आहे म्हणावं तर रात्र काढायची कशी. आजी १९९१ साली गेली. शेवटपर्यंत तिला वाटत होतं की तिची मुलगी घरातच आहे.

मी तिला खरं सांगायला हवं होतं का? आणि तुमच्यापैकी कुणाचं असं काही होतं का, जे आधी आपलं होतं आणि मग आपल्या हातात राहिलं नाही?

रानवारा
ताई, दोनदा वाचलं. त्या रिकाम्या पानापाशी अंगावर काटा आला. सध्या एवढंच.

गंगेकाठी
माजघर ताई, मी बासष्ट वर्षांचा आहे. हे बायको सोडून कुणाला सांगितलेलं नाही.

आई गेल्यावर मला पंचवटीत मामाकडे ठेवलं होतं. मामी धुणं घेऊन गंगेवर जायची, मी तिच्यामागे. (बाहेरच्यांसाठी: आम्ही नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो.) रामकुंडाजवळ दुतोंड्या मारुती आहे. मी सहा वर्षांचा, माझ्याशी बोलणारं कुणी नाही, आणि हा एवढा उंच, दोन तोंडांचा. मी एका बाजूला उभा राहून सांगायचो आणि पळत दुसऱ्या बाजूला जाऊन उत्तर ऐकायचो. आपला तो एकटाच, आणि त्यालाही कुणी विचारत नाही, असं वाटायचं.

एक दिवस मामाने मला फार मारलं. मी गंगेवर जाऊन मारुतीला सांगितलं, "हे घर वाहून जाऊ दे."

ते साल १९६९. नाशकातल्या जुन्या माणसांना पुढचं सांगायला नको. आपल्याकडे पूर मारुतीवरून मोजतात. त्या रात्री आम्ही शेजाऱ्यांच्या माडीवर होतो. खालून एकेक बातमी येत होती: कमरेला लागलं, छातीला लागलं, गळ्याशी आलं. मोठ्यांना तो पाण्याचा हिशेब होता. मला वाटत होतं तो मी सांगितलेलं काम करतोय आणि ते करताना स्वतः बुडतोय. "मारुती बुडाला" हे कानावर आलं तेव्हा मी ओरडलो. सगळ्यांना वाटलं पोर पाण्याला घाबरलं. मामाच्या घरात पाणी शिरलं, धान्य गेलं, ट्रंका गेल्या. मामा दुसऱ्या दिवशी चिखल उपसताना रडत होता आणि मी त्याच्याकडे बघू शकत नव्हतो.

पाणी ओसरलं, मारुती जागेवरच होता. पण मी त्याच्याशी परत बोललो नाही. मोठा झालो, शिकलो, पाऊस कसा पडतो आणि नदीला पूर कसा येतो ते कळलं. तरी आत कुठेतरी ते पोर तसंच बसून होतं. २००८ साली पुन्हा पूर आला त्या रात्री बायकोला सांगितलं. ती एवढंच म्हणाली, "सहा वर्षांच्या पोराच्या सांगण्यावरून पूर येत असता तर जग कधीच बुडालं असतं." त्यानंतर मला झोप लागली.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही. पण वर्षभर दिवा लावून झोपणाऱ्या त्या मुलीला कुणीतरी विचारायला हवं होतं.

खडूफळा
मी शाळेत समुपदेशक आहे, अठरा वर्षं झाली. दोन्ही अनुभव वाचून आधी थोडा वेळ तशीच बसले.

माजघर, तुमच्या "नाही"बद्दल बोलते, कारण तिथे तुम्ही स्वतःला अजून घाबरताय असं वाटलं. अमेरिकेत ओरेगन विद्यापीठात मार्जोरी टेलर यांनी काल्पनिक सोबत्यांवर बरीच वर्षं काम केलं. त्यांच्या आणि सहकाऱ्यांच्या २००४ सालच्या अभ्यासात, सात वर्षांची होईपर्यंत ६५ टक्के मुलांना कधी ना कधी असा सोबती होता असं दिसलं. तिकडची मुलं आहेत, आकडा आपल्याला जसाच्या तसा लावता येणार नाही. पण गोष्ट दुर्मिळ नाही आणि आजार तर नाहीच. पहिल्या किंवा एकुलत्या एक मुलांमध्ये ती जास्त दिसते. आणि टेलर यांना मुलं सारखी तक्रार करताना भेटली: तो माझं ऐकत नाही, बोलावलं की येत नाही, नको तेव्हा बोलतो. स्वतः घडवलेलं पात्र स्वतःच्या मर्जीने वागायला लागतं. कथा लिहिणारी मोठी माणसंही हेच सांगतात. "मागच्या खोलीतले परत येणार नाहीत" हे तुम्हाला कळलेलं होतं. तुम्ही ते स्वतःला सांगू शकत नव्हता, म्हणून ते बळदातून आलं.

आता दहीभाताचं. पॉल हॅरिस आणि सहकाऱ्यांचा १९९१ सालचा एक प्रयोग आहे, चार आणि सहा वर्षांच्या मुलांवर. खोकं रिकामं असल्याचं मुलांना आधी दाखवलं. मग सांगितलं, यात राक्षस आहे अशी कल्पना करा. मुलांना तो खोटा आहे हे माहीत होतं, विचारल्यावर तसं सांगितलंही. पण बाई "मी जरा बाहेर जाऊन येते" म्हणाल्यावर काही मुलं त्यांना जाऊ देईनात. एकटी राहिलेली कितीतरी मुलं खोक्यापाशी जाऊन उघडून बघत होती. माहीत असणं आणि खात्री वाटणं यांच्यात त्या वयात एक फट असते. एरवी मूल ती फट स्वतः सांभाळतं, कारण आजूबाजूची मोठी माणसं ठाम असतात. तुमच्या घरात मोठं माणूसच त्या फटीतून आत गेलं. आईबाबा नव्हते आणि आजी पलीकडे होती, म्हणजे अलीकडे तुम्ही एकट्याच उरलात.

पाथर्डी_फाटा
खडूफळा ताई, मला तुमच्याकडून एक हवंय. आम्ही दोघंही अंबडला कंपनीत, शिफ्ट असते. मुलगी सहा वर्षांची. आमची बिल्डिंग सात मजली आहे. गेल्या दिवाळीपासून ती आठव्या मजल्यावरच्या मुलीबद्दल बोलते. लिफ्टमध्ये सात दाबल्यावर जरा थांबते आणि म्हणते, "आता ती उतरली." सासूबाईंनी मीठमोहरी ओवाळून दृष्ट काढली. मी रागावले, खोटं बोलू नको म्हटलं. आता ती माझ्यासमोर बोलत नाही, पण बाथरूममध्ये नळ सोडून कुजबुजते. हा धागा वाचल्यापासून माझा जीव थाऱ्यावर नाही.

खडूफळा
@पाथर्डी_फाटा, आधी श्वास घ्या. कुजबुज वाढली ती तुम्ही रागावल्यामुळे, बाकी काही बिघडलेलं नाही. आज रात्री तिच्याजवळ बसा आणि सहज विचारा, ती आठव्या मजल्यावरची आज काय करत होती? उत्तर देईल तेवढं ऐका. तुमच्याकडून भर घालू नका, तिच्यासाठी ताट वाढू नका, आणि ती नाहीच असा खटलाही चालवू नका. खूपदा मुलं स्वतःचंच दुःख त्या दुसरीच्या नावाने सांगतात. "तिची आई उशिरा येते" असं ऐकायला मिळालं तर त्यात तुमच्यासाठी निरोप आहे.

ती सोबतीण तिला स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करायला सांगत असेल, झोप-जेवण बिघडलं असेल, किंवा खऱ्या मुलांत खेळणं तिने पूर्ण सोडलं असेल, तर मात्र थांबू नका, बालमानसतज्ज्ञांना दाखवा. टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनचा १४४१६ हा सरकारी नंबर आहे, तिथे मराठीत बोलता येतं.

पिंपळपार
सगळं वाचलं. मला वेगळं वाटतं, रागावू नका. आजीला आपलं मूल घरात जाणवत होतं आणि आठ वर्षांच्या नातीला काही माहीत नसताना तिच्या तोंडून ते आलं, याला नुसती कल्पना म्हणून कसं चालेल? आमच्या गावाला पिंपळावर मुंजा आहे. मुंज झालेला पण लग्नाआधी गेलेला मुलगा. आम्ही पोरं दिवेलागणीला त्या पारावरून जात नसू, आणि मोठी माणसंही जात नसत. पिढ्यान् पिढ्या लोक मानतात त्यात काही तथ्य असेलच ना.

माजघर
@पिंपळपार, रागावले नाही. हा विचार मी पंधरा-वीस वर्षं करत होते, तुम्ही तो बोलून दाखवलात इतकंच.

पण मी तिथे होते हो. दोन वेण्या आणि लाल रिबनी हा माझ्या शाळेचा नियम होता. वर्गातल्या प्रत्येक मुलीच्या तशाच होत्या, माझ्याही. "पायात काय आहे" या प्रश्नाला मी आधी "चपला" म्हणाले होते. आजीचा चेहरा पडला. मग मी "वाळे" म्हणाले. मुलीचं सगळं वर्णन मी आजीच्या चेहऱ्यावरून वाचलेलं होतं. हे कबूल करायला मला फार वर्षं लागली, कारण ते कबूल केलं की मी आजीला फसवलं असं होतं.

आणि तुमच्या मुंजाबद्दल: लहानपणी मलाही त्याची भीती वाटायची. आता विचार केला तर तोही एक मूलच आहे, ज्याच्याजवळ कुणी जात नाही. दिवेलागणीला सगळी पोरं घरी पळतात आणि तो तिथेच राहतो. भीतीच्या गोष्टीत आपण एकटं पोर का बसवतो, हे मला अजून उलगडलेलं नाही.

@खडूफळा, "अलीकडे तुम्ही एकट्याच उरलात" हे वाक्य मी वहीत लिहून ठेवलंय.

पिंपळपार
ताई, वाळ्यांचं आधी लिहिलं असतंत तर मी तसं बोललो नसतो. तो पार अजून आहे. पुढच्या वेळी गावाला गेलो की संध्याकाळी जरा बसून येईन.

पाथर्डी_फाटा
काल विचारलं. बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, आठव्या मजल्यावरच्या मुलीकडे चावी नसते, म्हणून ती लिफ्टमध्येच बसते. आमच्या मुलीला शाळेतून आल्यावर शेजारच्या मावशींकडे थांबावं लागतं, त्या नसल्या तर जिन्यात. मला हे माहीत होतं. ती तिथे किती वेळ बसते हे मी कधी विचारलंच नव्हतं. यांच्याशी बोलून आम्ही दोघांच्या शिफ्ट उलटसुलट करून घेतोय. बाकी नंतर लिहिते.

माजघर
धागा वर काढतेय, कारण एक राहिलं होतं आणि ते लिहायचं धाडस आज झालं.

वाडा पाडण्याच्या आदल्या दिवशी मी बाबांना घेऊन गेले होते. बाबा आता सत्त्याहत्तर वर्षांचे. वरचा कडीपाट उतरवून झाला होता, माजघरात कधी न पडलेलं ऊन पडलं होतं. फळी केव्हाच गेलेली. मी बळदात खांद्यापर्यंत हात घातला. भुसा, माती, चिंध्या, आणि तळाशी काहीतरी गोल लागलं. लहान मुलाच्या पायातला चांदीचा वाळा, काळा पडलेला. मी तो आत टाकलेला नाही. आईला त्यातलं काही माहीत नव्हतं. राहिली आजी.

त्या अवसेच्या रात्री टाकला असेल, किंवा नंतर कधी, मी झोपल्यावर. म्हणजे माझ्या चुकीच्या उत्तरानंतर तिचा चेहरा का पडला होता ते मला सदतीस वर्षांनी कळलं. आणि दुसरा वाळा नव्हता. एकच होता.

वाळा बघून बाबांनी विचारलं, हे काय. मी तिथेच जोत्यावर बसून त्यांना सगळं सांगितलं. शेंगा, "अगं", दहीभात, माझं खोटं. वाटलं होतं म्हणतील, मला तेव्हाच का नाही सांगितलंस. बाबा काही बोलले नाहीत. वाळा अंगठ्याने घासत बसले, मधे जराशी चांदी दिसायला लागली. मग त्यांनी विचारलं, "केस कसे होते गं तिचे?"

त्यांनी आत्ताच ऐकलं होतं की मी सगळं रचलं होतं. तरी विचारलं. मी अजून उत्तर दिलेलं नाही. काय सांगू?

गंगेकाठी
ताई, बाबा तुम्हाला खरंखोटं विचारत नाहीयेत. ज्या घरात एक मूल जाऊन दुसरं येतं त्या घरात ते दुसरं मूल फार एकटं वाढतं. तुम्ही सांगू नका, त्यांनाच विचारा. त्यांना ती कशी दिसायची?

माजघर
काका, आत्ताच विचारून आले. बाबा गॅलरीत बसले होते. म्हणाले, एकच वेणी, तेल लावून घट्ट घातलेली, आणि ती नेहमी त्यांच्यापेक्षा एका पायरीने वर बसायची.